अपघाताच्या केसमध्ये व्ही कोड कसा ठरवायचा? मराठवाड्यातल्या कोडर मंडळींना विनंती

मांजराकाठ (लातूर)

नमस्कार मंडळी. बी.फार्म. झालंय, सध्या मेडिकल कोडिंग (पेशंटच्या कागदावरचं निदान ठरलेल्या कोडांत लिहिणं) शिकायलोय आणि सीपीसी या कोडरच्या परीक्षेची तयारी चालू आहे. दुखापतींचा भाग, म्हणजे आयसीडी-१०-सीएमचे (अमेरिकेत वापरतात ती आजार-दुखापतींच्या कोडांची यादी) एस आणि टी कोड, बऱ्यापैकी जमायलेत. पण वाहन अपघाताची केस आली की दुखापत कशी, कुठं झाली हे सांगणाऱ्या व्ही, वाय कोडांत गोंधळ होतो. क्लासमध्ये उत्तर सांगतात, उत्तरामागचं कारण कुणी सांगत नाही. कारण कळल्याशिवाय पुढची केस सुटत नाही.

सरावाची एक केस देतो. अमेरिकेतल्या हायवेवर स्कूटरवर मागे बसलेली बाई, मागून ट्रकची धडक. उजव्या नडगीचं हाड मधोमध चुरा होऊन सरकलंय, जखम उघडी, गस्टिलो टाइप टू (उघड्या फ्रॅक्चरची प्रतवारी). उजव्या बाजूच्या तीन बरगड्या मोडल्यात. कपाळ चिरलंय, टाके घातलेत. उजव्या नडगीवर खरचटलंय. डोकं दुखतंय अशी तक्रार, आणि ईडीच्या, म्हणजे तातडीच्या विभागाच्या, डॉक्टरांनी शेवटी 'पॉसिबल कन्कशन' (मेंदूला हादरा बसल्याची शक्यता) लिहिलंय.

पहिला कोड कोणता? खरचटलेलं धरायचं का? कन्कशनचं काय करायचं? व्ही कोड कसा काढायचा? आणि चूक ट्रकवाल्याची होती का स्कूटरवाल्याची, हे कोडमध्ये कुठं येतं?

गोदावरी_कोडर (नांदेड)

तुमच्या शेवटच्या प्रश्नापासून सुरू करते. चूक कुणाची हे कोडमध्ये कुठंच येत नाही. व्ही कोड फक्त घटना सांगतो: जखमी माणूस कशावर किंवा कशात होता, तिथं तो काय करत होता, आणि टक्कर कशाशी झाली. दोष ठरवायचं काम पोलिसांचं आणि कोर्टाचं. हे एकदा मनात पक्कं बसलं की निम्मा गोंधळ जातो, कारण बरेचजण ट्रकने धडक दिली म्हणून ट्रकच्या गटात शोधायला लागतात. शोध नेहमी जखमी माणसाच्या वाहनापासून करायचा.

आता क्रम. व्ही कोड कधीही पहिला नसतो. आधी दुखापती, त्यातही सगळ्यात गंभीर वर. तुमच्या केसमध्ये नडगी: एस८२.२५१बी. २५ म्हणजे चुरा झालेलं शाफ्टचं फ्रॅक्चर, १ म्हणजे सरकलेलं आणि उजवं, आणि शेवटचं, सातवं अक्षर बी म्हणजे उघडं फ्रॅक्चर, टाइप वन किंवा टू, सक्रिय उपचार चालू असताना. टाइप थ्री असतं तर सी. डॉक्टरांनी उघडं का बंद हे लिहिलंच नाही तर बंद धरायचं, आणि सरकलंय का नाही हे लिहिलं नाही तर सरकलेलं धरायचं. हे दोन्ही नियम आहेत, अंदाज नाहीत, म्हणून ते पाठच हवेत.

बरगड्या: एस२२.४१एक्सए (एक्स फक्त रिकामी जागा भरतो). इथं लक्ष द्या, प्रत्येक हाडाला नडगीइतके सातव्या अक्षराचे पर्याय नसतात. बरगडीला ए, बी, डी, जी, के आणि एस एवढेच. कपाळ: एस०१.८१एक्सए. नडगीवरचं खरचटणं सोडून द्या, कारण त्याच जागी त्याहून मोठी दुखापत कोड झालेली आहे. तेच खरचटणं डाव्या हातावर असतं तर धरलं असतं.

'पॉसिबल कन्कशन' कोड होणार नाही. ईडी बाह्यरुग्णात मोडतं आणि तिथं पॉसिबल, प्रॉबेबल, सस्पेक्टेड असं काहीही निदान म्हणून धरत नाहीत. डोकेदुखीची नोंद आहे, मग आर५१.९ धरा. हीच बाई भरती होऊन डिस्चार्जच्या वेळीही तेच शब्द राहिले असते तर हॉस्पिटलच्या आंतररुग्ण कोडिंगला नियम वेगळा, तिथं ते असल्यासारखं धरतात. परीक्षेत याच फरकावर प्रश्न येतो.

आता व्ही. स्कूटर हे मोटरसायकलच्याच गटात, म्हणजे व्ही२० ते व्ही२९. तिसऱ्या जागेचा आकडा समोरच्याचा: ० पादचारी किंवा जनावर, १ सायकल, २ दुचाकी-तीनचाकी, ३ कार-पिकअप-व्हॅन, ४ ट्रक-बस, ५ रेल्वे, ६ बिनमोटरचं वाहन, ७ खांब-झाड-भिंत, ८ टक्कर न होता पडणं, ९ बाकी सगळं. ट्रक, म्हणून व्ही२४. पुढचा आकडा चालक का मागे बसलेली, रस्त्यावर का रस्त्याबाहेर. मागे बसलेली आणि वाहतुकीच्या रस्त्यावर, म्हणून ५. उत्तर व्ही२४.५९एक्सए.

जुन्या नोट्समध्ये तुम्हाला व्ही२४.५एक्सएक्सए दिसेल. तो आता चालत नाही. १ ऑक्टोबर २०२२ पासून या गटात इलेक्ट्रिक सायकलसाठी वेगळा आकडा आला, त्यामुळे एक एक्स गेला आणि बाकी मोटरसायकलींसाठी ९ आला. व्हॉट्सॲपवर फिरणाऱ्या पीडीएफ वापरू नका, चालू वर्षाचंच पुस्तक घ्या.

त्यानंतर जागा, वाय९२. इंटरस्टेट असेल तर वाय९२.४११, राज्य मार्ग असेल तर वाय९२.४१३. ती कामावर असताना, समजा डिलिव्हरी करताना, धडक झाली असेल तर वाय९९.०. नोंद नसेल तर ओढूनताणून काही लावू नका.

पाटोद्याचा_पोरगा (बीड)

ताई, नुसतं वाचून लई कळलं. एक शंका. सातव्या अक्षरातलं ए म्हणजे पहिली भेट ना? मग तीच बाई दुसऱ्या दिवशी हाडाच्या डॉक्टरकडं गेली आणि त्यांनी ऑपरेशन केलं तर डी लागायला पाहिजे की.

गोदावरी_कोडर (नांदेड)

नाही, आणि हा गैरसमज सगळीकडे आहे. ए, बी, सी यांचा संबंध भेटीच्या क्रमांकाशी नाही, उपचार सक्रिय आहे का याच्याशी आहे. ऑपरेशन हा सक्रिय उपचार, डॉक्टर नवीन असो वा जुना. म्हणून तिथंही बीच. हाड बसवून झालं, आता प्लास्टर बदलायला, एक्स-रे बघायला, टाके काढायला येते, तेव्हा पुढचं अक्षर. या केसमध्ये तेही डी नाही, ई, कारण फ्रॅक्चर उघडं टाइप टू होतं. हाड नीट जुळतंय तोवर ई, उशीर लागतोय तर एच, जुळलंच नाही तर एम, वाकडं जुळलं तर क्यू. बंद फ्रॅक्चरला हीच रांग डी, जी, के, पी.

दुखापतीच्या पाठपुराव्याला झेड गटातले आफ्टरकेअर कोड लावायचे नाहीत, हे याच्याच जोडीला लक्षात ठेवा.

चिकलठाणा_नाइटशिफ्ट (छत्रपती संभाजीनगर)

मी कोडिंगमध्ये नाही, एआर कॉलिंगमध्ये (अडकलेल्या क्लेमसाठी फोन करण्याच्या कामात) आहे. म्हणून पैशाच्या बाजूचं सांगतो.

अमेरिकेत गाडीच्या अपघातात बहुतेकदा वाहन विमा आधी आणि आरोग्य विमा नंतर. क्लेमच्या सीएमएस-१५०० फॉर्मवर दहाव्या रकान्यात विचारतात: नोकरीशी संबंध आहे का, वाहन अपघात आहे का, असल्यास कोणत्या राज्यात. तिथं 'नाही' आणि खाली व्ही२४, किंवा तिथं 'हो' आणि खाली एकही व्ही कोड नाही, असं झालं की क्लेम अडकतो. आरोग्य विमा कंपनी पेशंटला अपघाताची माहिती विचारणारं पत्र पाठवते, पेशंट उत्तर देत नाही, आणि आम्ही फोन करत बसतो. राज्यही महत्त्वाचं आहे. फ्लोरिडा, मिशिगन, न्यूयॉर्क ही नो-फॉल्ट राज्यं, तिथं चूक कुणाचीही असो, आधी स्वतःच्या वाहन विम्यातून खर्च निघतो. फ्लोरिडात या विम्याची, म्हणजे पीआयपीची, मर्यादा १०,००० डॉलर आहे आणि अपघातानंतर १४ दिवसांच्या आत पहिला उपचार झालेला असावा लागतो. त्यामुळं तिथल्या चार्टवर अपघाताची तारीख बघितल्याशिवाय क्लेम पुढं ढकलू नका.

माझं स्पष्ट मत: जिथं व्ही कोड सक्तीचा नाही तिथं तो टाकूच नये. सक्ती देशभर नाही हे खरं आहे ना, ताई? कोड नसला तर क्लेम लवकर निघतो.

गोदावरी_कोडर (नांदेड)

देशभर सक्ती नाही हे खरं. राज्याचा किंवा पैसे देणाऱ्या कंपनीचा नियम असेल तरच सक्ती. पण त्याच मार्गदर्शक सूचनांमध्ये तो ऐच्छिक असला तरी द्यावा, असं प्रोत्साहनही आहे. आणि तुमच्या पुढच्या वाक्याशी मी अजिबात सहमत नाही. चार्टमध्ये अपघात स्वच्छ लिहिलेला असताना क्लेम लवकर निघावा म्हणून कोड गाळणं म्हणजे ज्या विम्याने पैसे द्यायला हवेत त्याऐवजी दुसऱ्याकडून घेणं. पुढं वाहन विम्याचा दावा निकाली निघाला की आरोग्य विमा कंपनी ते पैसे परत मागते, आणि मग पेशंटच्या दारात बिल येतं. पेशंट मेडिकेअरचा असेल तर वाहन विमा आधी, मेडिकेअर नंतर, असा कायदाच आहे. नव्या पोरापोरींनी ही सवय लावून घेऊ नये, म्हणून एवढं कडक लिहिलं. राग मानू नका.

चिकलठाणा_नाइटशिफ्ट (छत्रपती संभाजीनगर)

राग नाही ताई. पैसे परत मागण्याचा मुद्दा बरोबर आहे, ती पत्रंही आमच्याच टेबलावर येतात. माझी सूचना मागे घेतो. मग एवढं तरी करा, दहावा रकाना आणि व्ही कोड जुळतोय का हे कोडरनेच बघून सोडावं.

अपघातविभाग_रात्रपाळी (धाराशिव जिल्हा)

मी डॉक्टर आहे, ग्रामीण भागातल्या सरकारी रुग्णालयात अपघात विभाग बघतो. धागा वाचून राहवलं नाही, कारण तुम्ही अमेरिकेच्या चार्टवर जे शोधता ते आमच्या कागदावर बहुतेक वेळा नसतंच.

आमच्याकडे रात्री पेशंट येतो तेव्हा केसपेपरवर वर 'आरटीए' (रोड ट्रॅफिक ॲक्सिडेंट) आणि खाली बीपी, नाडी, बाहुल्या, जीसीएस (शुद्धीचा स्कोअर). एमएलसी (मेडिको-लीगल केसची नोंद) होते, पोलीस चौकीला कळवलं जातं, पेशंट पुढं अंबाजोगाई, लातूर नाहीतर संभाजीनगरच्या घाटी रुग्णालयात जातो. 'आरटीए' या तीन अक्षरांतून कोडरला काय मिळणार? व्ही८९.२, म्हणजे कुठल्या तरी मोटार वाहनाच्या अपघातात जखमी झालेली व्यक्ती. तो चालत होता, दुचाकीवर होता, का ट्रॅक्टरच्या मडगार्डवर बसला होता, सगळं पुसलं गेलं. माणूस दगावला तर अजून वाईट. मृत्यूच्या कारणाच्या फॉर्म ४ वर 'हेड इंज्युरी' एवढंच लिहिलं जातं. खरं तर अशा मृत्यूत मूळ कारण म्हणून आयसीडीत बाहेरचं कारण मोजायचं असतं, कवटीतला रक्तस्राव नव्हे. तो मृत्यू रस्त्यावरचा होता हे आकडेवारीत नीट उतरतच नाही.

आमच्या भागात हे जास्त टोचतं, कारण इथले अपघात वेगळे आहेत. ऊस चालू झाला की रात्रभर ट्रॉल्या आणि बैलगाड्या कारखान्याकडं चालतात. मागे रिफ्लेक्टर नाही, दिवा नाही, आणि तरणी पोरं मोटरसायकलवर थेट मागून धडकतात. नवरात्रात तुळजापूरला पायी जाणाऱ्यांचा अख्खा रस्ता भरलेला असतो. यातलं किती बैलगाडीला धडकून, किती ट्रॉलीला, किती पायी चालणारे, हे तालुक्याच्या पातळीवर कळलं तर रिफ्लेक्टर कुठं लावायचे आणि रस्त्याकडेची पायवाट कुठं हवी हे भांडून मागता येईल. नुसत्या 'आरटीए'वर काय मागणार?

कोडर मंडळींना विचारतो: या गोष्टींना कोड आहेत का मुळात? का अमेरिकेच्या रस्त्यांपुरतंच आहे सगळं?

गोदावरी_कोडर (नांदेड)

आहेत, डॉक्टर. मूळ आयसीडी-१० जागतिक आरोग्य संघटनेचं, त्यात बैलगाडीपासून सगळं बसवलंय. तुमची उदाहरणं एकेक करून घेते.

बैलगाडीत बसलेला ऊसतोड कामगार, मागून ट्रक, जीप किंवा बसने धडक: व्ही८०.४ मध्ये, अमेरिकी आवृत्तीत व्ही८०.४२एक्सए. उलट, मोटरसायकलवाला बैलगाडीवर धडकला तर तो व्ही२६, कारण बैलगाडी बिनमोटरचं वाहन. तोच ट्रॅक्टर-ट्रॉलीवर धडकला तर व्ही२९, कारण ट्रॅक्टर ना कार ना ट्रक, 'इतर मोटार वाहन'.

ट्रॅक्टर-ट्रॉलीवरच्या माणसासाठी व्ही८४, शेतीची खास वाहनं, त्यात ट्रॉलीसकट ट्रॅक्टर येतो. आणि तुम्ही मडगार्डचं म्हणालात ना, त्याचा नियम अगदी स्पष्ट आहे. चालक-प्रवाशांच्या जागेत किंवा माल ठेवायच्या जागेत जो नाही, तो 'वाहनाच्या बाहेरचा'. मडगार्ड, पायरी, टप, मागचा बंपर, लटकलेला, सगळे बाहेरचे. म्हणून ट्रॉलीच्या हौद्यात बसलेली बाई प्रवासी, व्ही८४.१. मडगार्डवर बसलेला पोरगा बाहेरचा, व्ही८४.२. हेच शेतात घडलं, रस्त्यावर नाही, तर अनुक्रमे व्ही८४.६ आणि व्ही८४.७. इथं जागा लिहिणं फार गरजेचं, कारण एरवी जागा लिहिली नसेल तर अपघात रस्त्यावरचाच धरतात, पण जखमी ट्रॅक्टरसारख्या, मुख्यतः रस्त्याबाहेर चालायच्या वाहनावर असेल तर उलटं धरतात.

काळी-पिवळीच्या मागे लटकलेल्यांनाही हाच 'बाहेरचा' नियम. रिक्षा तीनचाकी गटात, व्ही३० ते व्ही३९. तुळजापूरला पायी जाणारा, ट्रकने उडवला: व्ही०४. आणि एक गंमतशीर वाटेल पण खरं: गाडी पंक्चर झाली म्हणून उतरून चाक बदलणाऱ्याला दुसऱ्या गाडीने उडवलं तर तो कारमधला नाही, पादचारी.

हिंगोली_०७ (हिंगोली)

रानडुक्कर आडवं आलं आणि गाडी घसरली तर? आमच्याकडं हे रोजचंच आहे.

गोदावरी_कोडर (नांदेड)

डुकराला गाडी लागली असेल तर व्ही२०. त्याला चुकवायला गेला आणि न लागता घसरला तर व्ही२८. म्हणून 'डुकरामुळे अपघात' एवढं पुरत नाही, लागलं का नाही ते विचारावं लागतं.

वकिली_दालन (बीड)

मोटार अपघात दाव्यांचं काम करतो. आमच्या न्यायाधिकरणात आयसीडी कोडवर कुणी वाद घालत नाही, पण ज्या नोंदीतून तुमचा कोड निघतो त्याच नोंदीवर मोटार वाहन कायद्याच्या कलम १६६ चा दावा उभा राहतो. पहिल्या केसपेपरवर घाईत 'गाडीवरून पडला' लिहिलेलं असतं आणि फिर्यादीत 'टेम्पोने धडक दिली'. विमा कंपनीचा वकील पहिला कागद काढून विचारतो की टेम्पो नंतर कुठून आला. खरी धडक झालेली माणसंसुद्धा यात अडकलेली पाहिली आहेत.

दोन गोष्टी डॉक्टरांसाठी. धडक देऊन पळालेलं वाहन असेल तर 'अज्ञात वाहनाची धडक' असं लिहा, कारण हिट अँड रनची भरपाई, मृत्यूला २ लाख आणि गंभीर दुखापतीला ५० हजार, १ एप्रिल २०२२ पासून, त्या नोंदीच्या आधारानेच मागावी लागते. आणि मे २०२५ पासूनची केंद्राची कॅशलेस उपचार योजना, अपघातापासून ७ दिवस आणि जखमीमागे दीड लाखापर्यंत, ही मोटार वाहनाने रस्त्यावर झालेल्या अपघातापुरतीच आहे. कागदावर वाहनाचा उल्लेखच नसेल तर पेशंटचे नातेवाईक हातात काय घेऊन जाणार?

पाटोद्याचा_पोरगा (बीड)

परीक्षेपुरतं विचारतो, रागावू नका. वर्षभरानं ती बाई गुडघा आखडला म्हणून आली तर?

गोदावरी_कोडर (नांदेड)

रागवायचं काय त्यात. आधी आत्ताची तक्रार, उजवा गुडघा आखडणं, एम२५.६६१. मग मूळ दुखापत एस अक्षराने, एस८२.२५१एस. व्ही कोडलाही तेच अक्षर, व्ही२४.५९एक्सएस. डॉक्टरांनी हे त्या जुन्या अपघातामुळं आहे असं लिहिलेलं असलं पाहिजे, तुम्ही जोडायचं नाही.

मांजराकाठ (लातूर)

सगळ्यांचे मनापासून आभार. माझ्या केसचं अंतिम उत्तर लिहितो: एस८२.२५१बी, एस२२.४१एक्सए, एस०१.८१एक्सए, आर५१.९, व्ही२४.५९एक्सए, वाय९२.४११.

आणि डॉक्टरांसाठी केसपेपरवर मारायच्या शिक्क्याचा मजकूर करून बघितला: 'जखमी कशावर / कशात होता. चालक, प्रवासी, मागे बसलेला, बाहेर लटकलेला की पायी. धडक कशाशी (अज्ञात असल्यास तसं). रस्त्यावर की शेतात. कामावर होता का. माहिती कुणी दिली.' चालेल का?

गोदावरी_कोडर (नांदेड)

कोडसाठी अगदी पुरेसं आहे. चार्टमध्ये नुसतं 'हायवे' असेल तर इंटरस्टेट धरू नका, वाय९२.४११ तेवढं तपासा. आणि पाठपुराव्याच्या भेटीला वाय९२, वाय९३ (त्या वेळी काय करत होती), वाय९९ पुन्हा लावायचे नाहीत, ते एकदाच. व्ही मात्र अक्षर बदलून चालतो.

अपघातविभाग_रात्रपाळी (धाराशिव जिल्हा)

चालेल. 'माहिती कुणी दिली' ही ओळ सगळ्यात वर घ्या. बेशुद्ध पेशंट १०८ मधून एकटाच येतो तेव्हा जे काही कळतं ते रुग्णवाहिकेच्या डॉक्टरकडून किंवा चालकाकडून, आणि नातेवाईक सकाळी वेगळंच सांगतात. तेव्हा पहिली नोंद खोडायची नाही, खाली तारीख, वेळ आणि सही घालून दुसरी लिहायची. तेवढ्यासाठी शिक्क्याखाली दोन मोकळ्या ओळी ठेवा. सिस्टर आणि इंटर्न यांना या आठवड्यात दाखवतो, काही अडचण निघाली तर इथंच लिहीन.